शालूबाईनं बोट दाखवलं

पंचगंगा शिरोळच्या अंगाला सरकताना एका ठिकाणी दोन धारांत फुटते आणि थोडं पुढं जाऊन पुन्हा एक होते. मधे जी जमीन उरते तिला आसपासची माणसं नुसतं ‘बेट’ म्हणतात. कागदावर काय नाव असेल ते असो, एस.टी.चा कंडक्टरसुद्धा ‘बेटवाली मंडळी, उतरा’ असंच ओरडायचा. बेटावर सगळी घरं भोयांची. शेती नाही. एक विहीर, एक म्हसोबा, थोडी झाडं आणि बाकी सगळं पाणी. काठावर जायचं तर काहिलीतून. गुऱ्हाळात गूळ शिजवायची ती पसरट लोखंडी काहील, जुनी झाली की भोई ती विकत घेत, बूड सांधत आणि नदीत घालत.

शालूबाई लग्न होऊन बेटावर आली ती अशाच एका काहिलीत बसून. आकाराम, तिचा नवरा, उभा राहून बांबू रेटत होता आणि ही हळदीच्या अंगानं दोन्ही हातांनी कडा धरून बसली होती. काहील काही नावेसारखी सरळ जात नाही, ती फिरत फिरत जाते. शालूबाईला भोवळ आली. तेव्हा आकाराम तिच्याशी पहिल्यांदा बोलला. ‘‘डोळं झाकू नगंस. लांब बग. मजी गरगरत न्हाय.’’

माणूस कमी बोलायचा, पण पाण्यात उतरला की त्याच्या अंगात वेगळंच काही यायचं. तो जाळं फेकायचा तेव्हा शेजारचा केरबा, त्याचा चुलत भाऊ, हातातलं काम सोडून बघत राहायचा. पहाटे आकाराम मासा आणणार, उजाडता उजाडता शालूबाई पाटी डोक्यावर घेणार, पहिल्या एस.टी.नं कोल्हापूर आणि तिथून शिवाजी पेठ. पेठेतल्या बोळाबोळांत तिची गिऱ्हाइकं ठरलेली होती. तालमीची पोरं फुटबॉलची मॅच जिंकली की दुसऱ्या दिवशी तिच्या पाटीवर तुटून पडायची. आणि संयोगिता वैनीसाब तर दारातूनच हाक मारायच्या, ‘‘शालूबाई, वाम हाय का वाम? आमच्या ह्यांनी कालपास्नं डोकं उठवलंय!’’ वाम असली तर ती आधी त्यांच्या दारात जायची. घासाघीस व्हायची, आवाज चढायचे, आणि शेवटी शालूबाई त्यांच्याच सोप्यात बसून चहा प्यायची.

असा संसार वीस-बावीस वर्षं चालला. एकच मुलगा झाला, कृष्णात.

मग नदी बिघडली. एका दिवसात नाही बिघडली. आधी वाम दिसेनाशी झाली. मग उन्हाळ्यात पाण्याला साय धरायला लागली. वरच्या अंगाला शहरांची गटारं होती, कारखाने होते, आणि कापड रंगवायची युनिटं होती, ज्यांना तिकडची माणसं ‘प्रोसेस’ म्हणतात. प्रत्येकाचं थोडं थोडं पाणी यायचं. पाणी अडवायला बंधाऱ्याला बरग्यांच्या फळ्या घातल्या की ते सगळं बेटाला तटून उभं राहायचं. पाण्यावर केंदाळ, म्हणजे जलपर्णी, वाढलं. जाळ्यात मासा कमी आणि चिंध्या जास्त यायला लागल्या.

एकदा वैनीसाबांनी तिला आत बोलावलं आणि कालवणाचं पातेलंच पुढं ठेवलं. ‘‘राग धरू नगंस शालूबाई. जरा वास घेऊन बग.’’

शालूबाईनं वास घेतला. रॉकेलचा वास होता. तिनं बोटानं चाखूनही बघितलं आणि मग पदरानं तोंड पुसलं. आपल्या नवऱ्यानं धरलेला मासा कुणी टाकून देईल असं तिला कधी वाटलंच नव्हतं. त्या दिवशी चहा न पिता ती उठली.

बेटावरची पोरं अशा काळात कामं शोधायला लागली, आणि वरच्या प्रोसेसमध्ये ती मिळालीही. कृष्णात गेला, त्याच्यामागून आणखी पाच-सहा जण गेले. घरात नेमानं पगार यायला लागला. छपराचे पत्रे बदलले. बेटावर पोरगी द्यायला कुणी तयार नसायचं, पण मुलगा कंपनीत आहे म्हटल्यावर गडमुडशिंगीची सोयरीक जमली. अनुजा सून होऊन आली. पुढं नात झाली, शिवानी. आकाराम नदीवर जातच राहिला. मिळालं तर एखादं चिलापी घेऊन यायचा, अंगणात ठेवायचा, आणि ते विकायचं का खायचं हे कुणी बोलायचं नाही.

कृष्णातचे कामाचे कपडे शालूबाईच धुवायची. दगडावर आपटले की त्यातून निळंजांभळं पाणी निघायचं. एक दिवस ती विहिरीवरून धुणं घेऊन येत होती आणि सहज नदीकडं बघितलं, तर डावीकडची धार तशीच. तोच रंग. ती तिथंच उभी राहिली.

संध्याकाळी पोरगा जेवायला बसला तेव्हा तिनं भाकरी वाढता वाढता म्हटलं, ‘‘किस्ना, आज आपल्या धारंचं पाणी तुझ्या शर्टागत हुतं रं.’’

अनुजा पाणी आणायला बाहेर गेली होती. तो खाली बघूनच बोलला, ‘‘पाणी साफ करायची टाकी हाय तितं. त्या टाकीवरच मला ठेवलंय. टाकी भरली की सुपरवायझर म्हंतोय, सोड सरळ. मग मी सोडतो. मी न्हाय सोडलं तर दुसरा कोनतर सोडंल आनि मी बसंन घरात.’’ भाकरी मोडत तो म्हणाला, ‘‘आये, आबास्नी सांगू नगंस.’’

तिनं सांगितलं नाही. त्यानंतरचं सगळं वर्ष ती आकारामच्या शेजारी ती गोष्ट घेऊन झोपली. तो सकाळी जाळं खांद्यावर टाकून निघाला की तिला वाटायचं, आता सांगावं, कशाला जातोयस म्हणावं. पण तो कडेनं जाताना नातीच्या डोक्यावर हात ठेवून जायचा आणि तिची जीभ रेटायची नाही.

त्या चैत्रात नदी पार आटली होती. एका सकाळी केरबाची आरोळी ऐकू आली आणि सगळं बेट काठावर धावलं. पाणी दिसतच नव्हतं, मासेच दिसत होते. रोहू, कटला, शिंगाळे, सगळे वर येऊन तोंडं उघडझाप करत होते. चिखलातसुद्धा तग धरणारी मरळ, तीही पोट वर करून पडली होती. पलीकडच्या काठावर गावोगावची माणसं पोती घेऊन आली होती आणि हसतखेळत मासे भरत होती. बेटावरच्या एकानंही मासा उचलला नाही.

आकाराम मात्र घरात गेला आणि घागर घेऊन आला. मांडीएवढ्या पाण्यात उतरला. जो मासा हलत होता तो हातानं अलगद उचलायचा, घागरीत सोडायचा, धापा टाकत विहिरीवर जायचा आणि आत सोडून परत यायचा. सगळा जन्म ज्यानं मासे मारले तो माणूस मासे वाचवत होता. शालूबाई म्हणाली, ‘‘अवो, बास करा, पाय बगा तुमचं.’’ त्याला ऐकूच आलं नाही. दुपारी ऊन डोक्यावर आलं तरी त्याच्या खेपा चालू होत्या. शेवटी केरबानं त्याला कमरेला धरून वर आणला.

विहिरीतले मासेही संध्याकाळपर्यंत मेले. प्यायचं पाणी नासलं ते वेगळंच. आकारामच्या दोन्ही पायांना फोड उठले होते. शालूबाईनं जुनं लुगडं फाडून पट्ट्या बांधल्या. पट्ट्या बांधून होईपर्यंत तो एकच वाक्य बोलला. ‘‘लई गोळा झालतं गं. नदीत अजून येवढं मासं हायत ह्ये मला ठावंच नव्हतं.’’

दुसऱ्या दिवशी म्हसोबापुढं बैठक बसली. तपासणीचे साहेब येणार होते. केरबा बोलायला उभा राहिला. तो काही वाईट माणूस नव्हता, त्याचाही धाकटा प्रोसेसमध्ये होता. ‘‘मासं तर गेल्यातच,’’ तो म्हणाला. ‘‘ती काय आता परत येत न्हाईत. पण पोरं कामाला हायत. त्येंच्या पोटावर आपुनच पाय द्यायचा का? सायेबांनी इचारलं तर म्हनायचं, आमास्नी काय ठावं न्हाय. पटतंय का?’’

सगळ्यांनी माना डोलावल्या. शालूबाईनंही डोलावली.

साहेब आले. सोबत नमुन्याच्या बाटल्या घेतलेली एक तरुण बाई, एक पेपरवाला. साहेब एकेकाला विचारत गेले, घाण पाणी कुठून येतं, ते सोडायची नळी कुठं आहे. कुणाला काही ठाऊक नव्हतं. पेपरवाल्यानं फोटो काढले. साहेब कंटाळले आणि पेपरवाल्याला म्हणाले, ‘‘उन्हाळ्यात होतंच असं. आणि कसंय, कधी कधी हे भोई लोकच पाण्यात औषध टाकतात. सोपं पडतं ना मासे धरायला.’’

आकाराम उंबऱ्यावर पाय पसरून बसला होता. त्यानं मान वर केली. त्यानं शालूबाईकडं बघितलं. रागानं नव्हे, नुसतंच बघितलं, जसं एखादं माणूस ऐकू आलं ते खरं का खोटं हे शेजाऱ्याच्या तोंडावरून ताडून बघतं.

शालूबाई उठली.

‘‘औषीद आमी न्हाय टाकलं सायेब. चला, दावतो.’’

केरबा म्हणाला, ‘‘वैनी.’’ तेवढंच. पण ती काहिलीत जाऊन उभी राहिली होती. साहेबांना, त्या बाईला आणि पेपरवाल्याला बसवून तिनं स्वतः बांबू रेटला. प्रोसेसकडून येणारा ओढा नदीला मिळतो तिथं बेशरमाची झुडपं माजली होती. तिनं बांबूनं ती बाजूला सारली आणि बोट दाखवलं. नळीच्या तोंडाशी माती निळी पडली होती.

‘‘ही कुणाची, माहितीये तुम्हाला?’’ साहेबांनी विचारलं.

‘‘म्हाईत हाय. माझाच पोरगा तितं कामाला हाय. त्यो सोडतोय. त्याला सोडायला लावत्यात म्हनून सोडतोय, ह्ये बी लिवा.’’

साहेबांनी लिहिलं. पण पुढं जे झालं त्यात तिच्या शेवटच्या वाक्याचा कुठंच पत्ता नव्हता. प्रोसेसला टाळं लागलं. मालकानं कळवलं की टाकीवरच्या कामगाराच्या चुकीनं पाणी सुटलं, त्या कामगाराला काढून टाकण्यात आलं आहे. कृष्णातचं नाव वरपासून खालपर्यंत सगळ्या युनिटांत गेलं. आता त्याला कुणी फाटकातही उभं करून घेईना. बेटावरची बाकीची पोरंही त्याच दिवशी घरी आली.

कृष्णात ओरडला असता तर शालूबाईला बरं वाटलं असतं. तो घरी आला, हातपाय धुतले, शिवानीला मांडीवर घेऊन बसला. तिच्या केसांतून हात फिरवत म्हणाला, ‘‘आदी मला सांगायचं तरी हुतंस, आये. मी त्या दिवशी कामावर गेलो नसतो. सगळ्यांदेखत फाटकाभायेर काढलं मला.’’

शालूबाई चुलीत लाकूड सारत राहिली. बोलली ती अनुजा. ‘‘आत्ती, मासं मेलतं वो. मेलेल्या माशांपायी तुमी जित्ता माणूस बुडवला.’’

बेटावरच्या बायकांनी तिच्याशी बोलणं टाकलं. भांडण नाही, शिव्या नाहीत, नुसतं बोलणं बंद. ती काठावर आली की केरबा काहील रेटत म्हणायचा, ‘‘जागा न्हाय वैनी. दुसऱ्या खेपंला या.’’ काहिलीत दोघंच बसलेले असायचे. ती दुसऱ्या खेपेची वाट बघत उभी राहायची.

ती आता सुकट-बोंबील घेऊन पेठेत जात होती. संयोगिता वैनीसाबांनी तिला दारातच धरलं. ‘‘अगं शालूबाई, पेपरात फोटो की तुझा! वाघीण हाईस बग! आमच्या ह्यांनी तर तालमीत न्हेऊन दावला सगळ्यांस्नी.’’ शेजारच्या दोघीतिघी बाहेर आल्या. सगळ्यांनी तिचं कौतुक केलं. शालूबाई पाटी सावरत उभी होती. ‘‘बोंबील घ्या वैनीसाब,’’ ती म्हणाली. ‘‘वाळलेलं हायत, वास येत न्हाय.’’

पावसाळा झाला, पाणी वाहतं झालं, तेव्हा तिला मनातून आशा होती. आता निदान मासा तरी येईल. आकारामचे पाय अजून पुरते भरले नव्हते, तरी तो जाळं घेऊन गेला. आठवडाभर जात राहिला. एकदा तिनं काठावरून बघितलं. त्यानं जाळं फेकलं, ओढलं, आतल्या प्लास्टिकच्या पिशव्या एकेक करून काढल्या, घडी घालून काहिलीत ठेवल्या आणि पुन्हा फेकलं. मासा नव्हता. एक नळी बंद झाली होती, वरच्या बाकी सगळ्या चालू होत्या. आणि दिवाळीनंतर ती बंद झालेली प्रोसेसही नव्या पाटीखाली चालू झाली. कामावर परमुलखातली माणसं आणली होती. बेटावरच्या एकालाही घेतलं नाही.

आकाराम थंडीत गेला. पायाची जखम चिघळत गेली, कोल्हापूरच्या दवाखान्यात नेला, तिथं साखर निघाली, ताप उतरेना. शेवटी तो शुद्धीवर असताना तिनं त्याचा हात धरून विचारलं, ‘‘माझं चुकलं का वो?’’ तो कधीच घाईनं बोलत नसे. ‘‘त्यो म्हनला आमी औषीद टाकलं,’’ आकाराम म्हणाला. ‘‘मला लई लागलं त्ये. तू बोललीस, बरं वाटलं.’’ मग त्यानं तोंड भिंतीकडं वळवलं. ‘‘पण पोराचं वाईट झालं.’’

दोन्ही गोष्टी त्यानं एकाच आवाजात सांगितल्या. तिच्या छातीत त्या तशाच शेजारी शेजारी राहिल्या.

मढं काठावरून बेटावर न्यायला केरबाच काहील घेऊन आला. ‘‘बसा वैनी,’’ तो म्हणाला. इतक्या दिवसांत पहिल्यांदा. मध्यधारेत त्याचा बांबू थांबला, आणि तो मोठा माणूस काहिलीत बसून लहान मुलासारखा रडला. शालूबाई रडली नाही. ती लांब बघत होती.

तिसऱ्या दिवशी रक्षा नदीत सोडायची म्हणून माणसं उठली तेव्हा ती आडवी आली.

‘‘ह्या पाण्यात न्हाय.’’

‘‘आगं आये, सगळ्यांची हितंच सोडल्यात,’’ कृष्णात म्हणाला.

‘‘तवाचं पाणी येगळं हुतं. ह्या पाण्यानंच खाल्ला त्याला. ह्यात मी त्याला घालू देणार न्हाय.’’

कुणी वाद घातला नाही. बेटाच्या टोकाशी, जिथं आकाराम जाळी वाळत घालायचा, तिथं खड्डा काढला. त्यात रक्षा घालून वर जांभळाचं रोप लावलं. कृष्णातनं पाणी घातलं आणि तिथंच, हात मातीत असतानाच, तो आईच्या गळ्यात पडला. मायलेकरं किती वेळ तशी बसली होती कुणास ठाऊक. पण त्यातून काही मोडलेलं जुळलं असं नाही. पंधरा दिवसांत तो सुरतेला गेला. तिकडं त्याला कुणी ओळखत नव्हतं, आणि त्याला येत होतं ते एकच काम. अनुजा शिवानीला घेऊन गडमुडशिंगीला, माहेरी गेली. जाताना शिवानीनं आजीला विचारलं, ‘‘तू न्हाय येणार?’’ अनुजानं पोरीचा हात ओढला. मग काय वाटलं कोण जाणे, ती परत फिरली आणि सासूच्या पाया पडली.

शालूबाई रोज सकाळी घागरभर पाणी रोपाला घालायची. नदीचं नव्हे. काठावरच्या नळाचं, काहिलीतून आणलेलं. रोपाला चार नवी पानं फुटली होती.

श्रावणाच्या तोंडाला पूर आला. दरवर्षीसारखं सगळ्यांना काठावरच्या शाळेत नेलं. पाणी उतरल्यावर माणसं परत गेली तेव्हा बेटाचं टोक जागेवर नव्हतं. जाळी वाळत घालायची जागा, जांभळाचं रोप, मागची सगळी दरड नदीनं कापून नेली होती. खाली तांबडं-काळं पाणी वळसे घेत होतं. शालूबाई कडेला उभी होती. केरबा मागून आला, त्यानं तिच्या दंडाला धरून तिला दोन पावलं मागं ओढलं.

‘‘वैनी, पुढं जाऊ नगासा. अजून ढासळतंय.’’

ती खाली बसली आणि रिकाम्या कडेला हात लावून बघितला. मग ती रडली. नवरा गेला तेव्हा, पोरगा गेला तेव्हा आत राहिलेलं सगळं त्या दिवशी बाहेर आलं. बोलणं टाकलेल्या बायका लांब उभ्या होत्या. त्यातली केरबाची बायको तेवढी पुढं आली आणि तिच्या शेजारी मातीत बसली.

त्यानंतर बेटावर राहायला कुणाची छाती झाली नाही. गायरानात सरकारनं खोल्यांना जागा दिली, तिथं सगळी गेली. शालूबाईची खोली केरबाच्या भिंतीला भिंत लावून आहे. नदी तिथून दिसत नाही. गुरुवारच्या बाजारात ती सुकट विकते आणि महिन्यातून एकदा गडमुडशिंगीला जाऊन नातीला बघून येते.

कृष्णातचा फोन रविवारी येतो. तो फारसं बोलत नाही, बापावर गेलाय. जेवलीस का, पाय दुखत्यात का, एवढंच. मग ठेवायच्या आधी एक गोष्ट मात्र न चुकता विचारतो.

‘‘आबांच्या झाडाला पाणी घालतीस न्हवं, आये?’’

केरबाच्या घरातली माणसं त्या वेळी भिंतीपलीकडं गप्प होतात.

‘‘घालतो की,’’ शालूबाई म्हणते. ‘‘चांगलं आलंय. माझ्या खांद्याला लागलंय बग.’’